फिरंगी म्हादबाची रिळं

१

शहाण्णव सालच्या मे महिन्यात, रविवारी भर दुपारी, पलूसच्या पार्श्व टॉकीजमधली रिळांची खोली जळाली आणि तिच्यात केरू होवाळ मेला.

टॉकीज बंद पडून काही वर्षं झाली होती. पडदा उंदरांनी खाल्ला होता, खुर्च्यांतला काथ्या बाहेर लोंबत होता. तरी केरू रोज जेवण उरकून तिथं जायचा, मशीन पुसायचा आणि रिळांच्या खोलीसमोर बाकड्यावर बसून राहायचा. सारा जन्म त्यानं तिथं ऑपरेटर म्हणून काढला होता. पगार थांबला म्हणजे काम थांबवायचं असतं, हे त्याला कुणालाच पटवून देता आलं नव्हतं.

केरूच्या बहिणीची मुलगी दीक्षा भिंगारदेवे सातारच्या कोर्टात वकिली करायची. तिनं ही बातमी कोर्टाच्या कँटीनमध्ये वाचली. मथळा होता, ‘बिडीच्या ठिणगीने अनमोल ठेवा खाक’. खाली जे होतं ते मामाबद्दल कमी आणि रिळांबद्दलच जास्त. टॉकीजचे मालक रामगोंडा पाटील यांच्या वडिलांनी पहिल्या महायुद्धाच्या सुमारास तंबूच्या सिनेमासाठी मुंबईहून काही इटालियन मूक विनोदी चित्रपट आणले होते. पाच-दहा मिनिटांचे, छोटे छोटे. जगात त्यांच्या प्रती कुठं उरल्या असतील की नाही याची शंका. पुण्याच्या संग्रहालयातले अधिकारी पुढच्याच आठवड्यात ती रिळं न्यायला येणार होते आणि नेमक्या त्याच वेळी म्हाताऱ्या ऑपरेटरचा पेटत्या बिडीसकट डोळा लागला. शेवटच्या ओळीत, या दुर्घटनेत त्याचाही अंत झाला, एवढं होतं.

मामाच्या पुण्यानुमोदन विधीला दीक्षा पलूसला गेली. केरूचा मुलगा राजरत्न शिरवळहून आला होता. तिथं तो कारखान्यात कामाला होता आणि रजा संपली म्हणून संध्याकाळच्या गाडीनं परतही गेला. माणसं पांगली. मग पारूमामीनं उशीखालून तो पेपर काढला. तिला वाचता येत नव्हतं, पण बातमी कुठं आहे ते बरोबर ठाऊक होतं. तिनं त्या जागेवर बोट ठेवलं.

“दीक्षे, ह्येनी जन्मात बिडी वडली न्हाई.”

मामी सांगत गेली. केरूचा बाप कोंडीबा तंबूच्या सिनेमात पडद्याशेजारी काठी घेऊन उभा राहायचा आणि मुक्या चित्राची गोष्ट लोकांना मराठीत सांगायचा. जुनी फिल्म दारूगोळ्यासारखी पेटते, हे त्यानं पोराच्या गालावर मारूनच शिकवलं होतं. केरू तंबाखू खायचा. काडेपेटी तर त्याच्या खिशात कधी सापडली नव्हती.

“मरायचं त्ये मेलं,” मामी म्हणाली. “पर ह्ये लिवलंय त्ये खोटं हाय. तेवढं काढून टाक.”

२

दुसऱ्या दिवशी दीक्षा सांगलीला पाटलांच्या बंगल्यावर गेली. रामगोंडा झोपाळ्यावर बसले होते. सत्तरीचा, एकेकाळचा ताठ माणूस, आता खांद्यात वाकलेला. केरू आणि ते एकाच तंबूत लहानाचे मोठे झाले होते. ते म्हणाले, माझा अर्धा जन्म गेला. पण बिडीचं विचारल्यावर त्यांनी झोपाळ्याला पायानं रेटा दिला आणि पोलिसांनी लिहिलं ते लिहिलं, एवढंच म्हणाले.

बोलली ती त्यांची सून कस्तुरी. ती सांगलीच्या एका पेपरच्या रविवार पुरवणीत लिहायची. या रिळांबद्दल पहिला लेख तिनंच लिहिला होता आणि तो वाचूनच पुण्याच्या लोकांनी मार्चपासून सासऱ्यांकडे तगादा लावला होता. सासरे बरेच दिवस नाही म्हणत राहिले आणि एप्रिलच्या शेवटी अचानक हो म्हणाले.

“तुम्ही पाहिलेत ते चित्रपट?” दीक्षानं विचारलं.

कस्तुरी म्हणाली, छे. मामंजी डब्यांना कुणाला हात लावू देत नसत. जे काही लिहिलं ते केरूकाकांनी सांगितलेलं. मग तिला राहवेना. तिनं सांगायला सुरुवात केली आणि सांगताना तिचा चेहरा उजळला. सगळ्या चित्रपटांत तोच एक विदूषक. तंग कोट, उंच टोपी, वाऱ्यावर सोडल्यासारखे हातपाय. जिथं जाईल तिथं भांडीकुंडी फोडणार आणि मग सगळं गाव त्याच्यामागं धावणार. आटपाडीपासून शिरवळपर्यंतच्या जत्रांत लोकांनी त्याचं नाव फिरंगी म्हादबा ठेवलं होतं. एका चित्रपटात हा म्हादबा आपल्या वाग्दत्त वधूसाठी पुरुषभर उंचीचा आरसा पाठीवर घेऊन निघतो. वाटेत आचाऱ्याला धडकतो, रंगाऱ्याची शिडी पाडतो, पोलिसाला हौदात ढकलतो. सगळे मागं लागतात. पोचतो तेव्हा हातात नुसती चौकट उरलेली असते.

“ती खिडकीतून बघते, हसत नाही, खिडकी लावून घेते,” कस्तुरी म्हणाली. “लोक निघून जातात. हा एकटाच त्या रिकाम्या चौकटीसमोर उभा राहतो आणि भांग पाडतो. इतकं हसवून शेवटी असं.”

दीक्षाला ते आवडलं. ही बाई त्या म्हादबावर खरंच जीव टाकत होती.

निघताना तिनं जळालेली खोली बघायची म्हटलं. कस्तुरी म्हणाली, बघून काय करणार? ती फिल्म पेटली की पाण्यातही विझत नाही, चिमूटभर राखसुद्धा राहत नाही. तेवढ्यात कस्तुरीचा नवरा आर्जव बाहेरून आला. त्याला टॉकीज पाडून तिथं दुकानांचे गाळे बांधायचे होते, हे साऱ्या पलूसला ठाऊक होतं. त्यानं दीक्षाची ओळख करून घेतली आणि उभ्या उभ्याच म्हणाला, “वाईट झालं. पण मी त्यांना कितीदा सांगितलं होतं, बिड्या ओढू नका म्हणून. स्वतःच्या डोळ्यांनी बघितलंय मी.”

पेपरात बिडी कुठून आली, ते दीक्षाला कळलं. का आली, ते अजून कळायचं होतं.

३

टॉकीजच्या फाटकासमोर चहाची टपरी होती आणि टपरीच्या अंगाला नानासोचं भंगारचं दुकान. नानासो रोज दुपारी केरूबरोबर चहा प्यायचा. त्या रविवारीही प्यायला होता. दीक्षा केरूची भाची आहे म्हटल्यावर त्यानं तिला बसायला लोखंडी खुर्ची दिली आणि आपण उभाच राहिला.

“म्हणजे आग लागली तेव्हा मामा खोलीत नव्हताच?”

नानासोनं आधी रस्त्याकडे बघून घेतलं. मग त्यानं सांगितलं. केरू त्याच्याशेजारी टपरीच्या बाकड्यावर बसला होता, कप अजून संपायचा होता. खोलीतनं धूर दिसला तसा तो उठला. नानासोनं त्याचा हात धरला, तर सदऱ्याची बाही फाटून हातात आली. केरू आत गेला तो परत आलाच नाही. लोकांनी ओढून बाहेर काढला तेव्हा दोन डबे छातीशी होते. हात सुटत नव्हते.

आणि धूर कशाचा? तेही त्यानं सांगितलं. सकाळपासून आर्जव मागच्या अंगणात मोडक्या खुर्च्यांचा काथ्या आणि कचरा जाळत होता. जागा साफ करायची म्हणून. वारा फिरला. रिळांच्या खोलीची मागची काच कधीचीच फुटलेली होती. आगीत आर्जवनं मुद्दाम काही केलं नाही, घाबरून तोही पाणी मारत होता, हे नानासोनं दोनदा सांगितलं.

मग पोलिसांना हे का नाही सांगितलं, असं तिनं विचारलं.

“ताई, टॉकीज पाडल्यावर समदं लोखंड मी घेणार हाय. बोलणं झालंय आमचं,” नानासो म्हणाला. “आन कोर्टात मी येणार न्हाई. तुमी बोलवाल, मी न्हाई म्हणून सांगंन. आत्ताच सांगतो, मागनं वाईट वाटाय नगं.”

दीक्षाला त्याचा रागही धड येईना. इतकं सरळ खोटं बोलायचं वचन तिला कुणी आजवर दिलं नव्हतं.

ती उठली, तसा तो आत गेला आणि एक काळा पडलेला गोल डबा घेऊन आला. केरूच्या छातीवरचाच. भंगारात टाकायला मन झालं नाही, म्हणाला. दीक्षानं घेतला आणि दचकली. डबा जड होता. तिनं हलवला, तर आत काहीतरी घट्ट बसलेलं होतं.

“समद्या डब्यांत असंच हाय,” नानासो म्हणाला. “ढेकळं.”

चिमूटभर राखही राहत नाही, असं कस्तुरी म्हणाली होती.

४

मामीच्या घरी दीक्षानं विळ्याच्या टोकानं डबा उचकटला. आत वितळून थिजलेला काळा गोळा होता. बाहेरचे वेढे एकजीव झाले होते, पण मधल्या गाभ्याला आच कमी लागली होती. तिथून तिनं हातभर तुकडा सोडवला आणि दाराच्या उजेडात धरला. एक बाई गुलाबी साडीत साबणाची वडी गालाशी धरून हसत होती. पुढच्या चौकटीतही तीच. त्याच्याही पुढच्या.

ही जाहिरात होती. टॉकीजमध्ये मध्यंतराला दाखवायचे तसली, अलीकडच्या काळातली, रंगीत. म्हादबाच्या डब्यात म्हादबा नव्हताच.

तिनं मामीला काही सांगितलं नाही. जेवणं झाल्यावर ती अंगणात बसून एकेक माणूस समोर आणू लागली. नानासो? रिळं त्यानं बदलली असती तर हा डबा आपण होऊन हातात दिला नसता. आर्जव? त्याच्या लेखी ते भंगारच. त्याला ती नको असती तर विकली असती, नाहीतर फेकली असती. प्रत्येक डब्यात तेवढंच जाड दुसरं रीळ बसवण्याचे कष्ट त्यानं कशाला घ्यावेत? रामगोंडा मालकच होते. पुण्याला हो म्हणायची त्यांच्यावर कुणी सक्ती केली नव्हती. आत जाहिराती आहेत हे ठाऊक असतं तर ते हो म्हणालेच नसते. ज्यानं अदलाबदल केली त्याला रिळांची किंमत कळत होती आणि कुणी वरवर उघडून पाहिलं तरी कळू नये ही काळजी होती. शिवाय केरूच्या पाळतीतून खोलीत शिरायला सवड हवी होती.

“मामा कधी बाहेरगावी गेला होता का गं, या वर्षात?” तिनं विचारलं.

जानेवारीत मिरजेला मोतीबिंदू काढायला नेलं होतं, मामी म्हणाली. हप्ताभर तिथंच. किल्ली मालकाच्या घरी ठेवली होती. त्यानंतर डॉक्टरांनी बारीक बघायचं काम बंद करायला सांगितलं, म्हणून यंदा डबे उघडलेच नाहीत.

मग मामी आपणहून म्हादबावर आली. लग्न होऊन ती या घरात आली तेव्हा केरूनं तिला पहिली सांगितली ती आरशाची गोष्ट. तिनं ती तशीच सांगितली: आचारी, रंगारी, हौदातला पोलीस. शेवटी म्हादबा नुसती चौकट घेऊन पोचतो. नवरी चौकटीतनं डोकावते, खुदकन हसते आणि त्याच्या गळ्यात माळ घालते.

“माळ घालते? खिडकी नाही लावत?”

“खिडकी कशापायी लावंल?” मामी म्हणाली. “अगं, शेवट दावतच नव्हते. त्या रिळाचं टोक सासऱ्यांच्या टायमालाच चिकाटलं हुतं. वढलं तर फाटंल म्हणून हात लावाय देत नव्हते. तिथवर आलं की मशीन थांबवायचं आन सासरं तोंडानं लगीन लावून द्यायचं. शेवट कुणीबी बघितला न्हाई. ह्येनीबी न्हाई, पाटलांनीबी न्हाई.”

दीक्षा हातातला तुकडा खाली ठेवायला विसरली. शेवट कुणीच पाहिलेला नव्हता आणि तरी एका माणसाला तो भांग पाडण्यापर्यंत माहीत होता.

५

या वेळी दीक्षा बंगल्यावर गेली तेव्हा तिनं बोलणं लांबवलं नाही. झोपाळ्यावरच्या रामगोंडांना तिनं एवढंच विचारलं, आरशाच्या गोष्टीचा शेवट काय? ते म्हणाले, लगीन. कोंडीबा लावायचा. शेवटाला टोक चिकाटलं हुतं, खरं काय व्हतं त्ये देवालाच ठावं. दीक्षानं कस्तुरीकडे पाहिलं. मग गुलाबी साडीतल्या बाईचा तुकडा तिपाईवर ठेवला.

कस्तुरीनं नाकारलं नाही. आत जाऊन तिनं कपाट उघडलं. खालच्या दोन फळ्यांवर रिळं ओळीनं ठेवलेली होती, पांढऱ्या कापडात बांधून.

तिनं सगळं सांगितलं. गेल्या डिसेंबरात आर्जव नानासोला टॉकीजमधलं सगळं भंगार उचलून न्यायला सांगत होता आणि त्या सगळ्यात हे डबेही होते. ते तिनं ऐकलं. मामंजी कुणाला रिळं द्यायला तयार नव्हते. मग केरू मिरजेला असताना तिनं किल्ली घेतली आणि रिळं गाडीतून आणली. डबे रिकामे सापडू नयेत म्हणून मशीनखोलीत पडलेल्या जुन्या जाहिराती त्यांत भरल्या. ते चिकटलेलं टोक तिनं महिनाभर खपून, वाफ देत देत सोडवलं. ऐंशी वर्षांत तो शेवट पाहणारी आपण पहिली, या आनंदात ती रात्रभर जागी होती.

“मी चोरली नाहीत. वाचवली,” ती म्हणाली.

पण एप्रिलमध्ये सासरे पुण्याला हो म्हणाले आणि ती अडकली. डबे उघडले जाणार होते. रिळं परत ठेवायला जावं, तर दिवसा केरू खोलीसमोरून हलत नव्हता आणि रात्री किल्ली त्याच्यापाशीच असायची. आणि मग त्या रविवारी आग लागली. आर्जवनं घरी येऊन कचऱ्याचं सांगितलं, पोलिसांना बिडीचं सांगून आलो म्हणाला. पेपरातली बातमी तिनं लिहून दिली.

“म्हणजे नवराही सुटला आणि रिळांचं कोडंही,” दीक्षा म्हणाली.

कस्तुरीनं कपाटाचं दार लावून घेतलं.

“मामा बाहेर चहा पीत होता. तो वाचला होता. या साबणाच्या जाहिराती वाचवायला तो आत गेला. तुम्ही त्याला सांगितलं का नाही?”

“त्यांच्या पोटात राहिलं नसतं. मामंजींना सांगितलं असतं त्यांनी.” कस्तुरी थांबली. मग खालच्या आवाजात म्हणाली, “खरं सांगू का, सांगावं असं माझ्या डोक्यातच आलं नाही.”

झोपाळा केव्हाच थांबला होता. रामगोंडांना आज पहिल्यांदाच सगळं कळत होतं. त्यांनी उपरण्यानं तोंड पुसलं. रडतात की काय असं दीक्षाला वाटलं, पण ते हिशेबी, कोरड्या आवाजात बोलले.

“केरू माघारी येणार न्हाई, पोरी. माझा पोरगा आत गेला तर त्यो येणार हाय का? रिळं माझी हाईत. चोरी झाली म्हणून मी तक्रार देणार न्हाई. नानासो कोर्टात उभा ऱ्हाणार न्हाई. तू वकील हाईस. तुझ्या हातात काय ऱ्हातंय, बघ.”

दीक्षानं पाहिलं. हातात एक जाहिरातीचा तुकडा होता. मामाच्या मरणाला दोन माणसं कारण होती. एकानं कचरा पेटवला होता, तो कुणाला मारायला नव्हे. दुसरीनं रिळं हलवली होती, ती जपायला. दोघांपैकी कुणालाही शिक्षा होईल असा साक्षीदार तिच्यापाशी नव्हता. तिनं मागायचं ते मागितलं. ज्या पेपरात बिडी छापली, त्याच पेपरात, त्याच जागी, केरू होवाळ बिडी ओढत नव्हता आणि आग लागली तेव्हा खोलीत नव्हता, हे छापून आलं पाहिजे. नाहीतर पुण्याच्या लोकांना ती हा तुकडा दाखवेल.

कस्तुरीनं मान हलवली.

६

छापून आलं. पण कस्तुरीच्या हाताला लिहिण्याची सवय होती. दूरदृष्टीनं आधीच सुरक्षित हलवलेली इटालियन रिळं सुखरूप असल्याची गोड बातमी वर होती. खाली, आपल्या धन्याचा ठेवा वाचवण्यासाठी आगीत उडी घेणाऱ्या निष्ठावंत सेवकाला वाहिलेले चार परिच्छेद. बिडीचा उल्लेख एका ओळीत होता, कंसात. आग कशी लागली, हे कुठंच नव्हतं.

दीक्षानं ते पलूसला नेऊन मामीला वाचून दाखवलं. मामीनं ऐकून घेतलं. मग म्हणाली, “रिळं आधीच हालवली हुती, तर ह्ये कशापायी आत गेले?”

दीक्षाला चार वाक्यं सुचली. त्यातली तीन खोटी होती. तिनं चौथं सांगितलं. मग मागचं-पुढचं सगळंच सांगितलं. मामी रडली नाही. चुलीपाशी गेली, राख सारली, परत आली.

“एकदा उघडून बघाया नगं व्हतं का ह्येनी?” तिनं विचारलं. कुणाला विचारत होती, ते दीक्षाला कळलं नाही.

डिसेंबरात सांगलीला एका सभागृहात म्हादबाचा खेळ ठेवला. पुण्याहून रिळांची नवी प्रत करून आणली होती. केरूच्या विधवेचा साडी-नारळ देऊन सत्कार करायचा, असं पत्रिकेत छापलं होतं. दीक्षा म्हणाली, जाऊ नको. मामी म्हणाली, जायचं.

सभागृह भरलं होतं. आर्जव पाहुण्यांना जागा दाखवत होता. कस्तुरीला शाल दिली, टाळ्या वाजल्या. मग पारूबाई केरू होवाळ असं नाव पुकारलं. मामी दीक्षाचा हात सोडून एकटी पायऱ्या चढली. रामगोंडांनी साडी पुढं केली. ती तिनं घेतली नाही. माइक तिच्या तोंडापेक्षा उंच होता, निवेदकानं तो वाकवून दिला. त्याला वाटत होतं, ती आभार मानणार.

“ह्ये बिडी वडत नव्हते,” मामी म्हणाली. “आग मालकाच्या पोरानं लावल्याली, कचऱ्याची. डब्यात काय व्हतं त्ये ह्या बाईस्नी ठावं व्हतं. ह्येनला नव्हतं. तेवढंच सांगायचं हुतं.”

आणि ती खाली उतरली. रामगोंडा हातातल्या साडीकडे बघत राहिले. मग निवेदक घसा साफ करून म्हणाला की पारूबाईंच्या दुःखाची आपल्या सर्वांना कल्पना आहे, आणि त्यानं दिवे मालवायची खूण केली.

दोघी बाहेर आल्या. पलूसची गाडी यायला वेळ होता. त्या सभागृहाच्या कट्ट्यावर टेकल्या. एवढ्यात आत हशा झाला. आधी तुरळक, मग सगळं सभागृह एकदम. तो ओसरतो न ओसरतो तोच दुसरा, पहिल्यापेक्षा मोठा.

मामीनं पदर सारखा केला आणि ऐकलं.

“लय हसत्यात न्हाई का?” ती म्हणाली.

“हो, मामी.”

गाडी आली तेव्हाही आत हसूच चाललं होतं.